उरलेला अध्याय

रामनगरच्या तुरुंगात फाशीच्या कैद्यांना पोथी वाचून दाखवायचं काम माझ्याकडं होतं. दिग्गीचा झिलू ऐकताना प्रत्येक ओवीला "हूं" म्हणायचा. बापाच्या खुनात आईच्याच साक्षीवरून त्याला शिक्षा झाली होती. एक अध्याय राहिला, तेव्हा म्हणाला, "त्यो आमच्या घरी वाचा, बुवा."

फाशीनंतर आठवड्यानं मी रामनगरहून दिग्गी गाठली. भर दुपार होती. त्याच्या आईनं, केशरनं, मला आत घोंगडी अंथरून दिली. स्वतः मात्र अंगणातच उभी राहिली.

तिला ऐकू जावं म्हणून मी मोठ्यानं वाचू लागलो. पहिली ओवी संपली आणि माझ्या शेजारी कुणीतरी म्हणालं, "हूं."

दुसरीलाही.

मी शेवटचं पान उलटलं, तशी केशर अंगणातनं ओरडली, "संपवू नगासा, बुवा! संपलं की त्यो भाईर माझ्याकडं यील! परत पयल्यापास्नं वाचा!"