ठेंगूची पाठ

दर रविवारी दुपारी आम्ही तिघं भावंडं जेवणाच्या टेबलावर फासे टाकून राक्षसांशी लढतो. मी योद्धा, ताई चेटकीण, आणि सगळ्या राक्षसांच्या वतीने बोलायला दादा. माझा योद्धा आजवर एकदाही जिंकलेला नाही, ते सोडा.

सगळ्यांत लाडका राक्षस म्हणजे ठेंगू. दादानेच तो मातीतून घडवला, रंगवला, त्याचं मोडकं शिंग दोनदा चिकटवलं. त्याचं पुराणही दादानेच वहीत लिहिलं: ठेंगू शत्रूकडे कधी पाठ करत नाही. पाठ करतो ती फक्त आपल्या माणसांकडे.

गेलं वर्षभर त्याला टेबलावर कसाही ठेवा, पुढच्या रविवारी तो दाराकडे तोंड आणि आमच्याकडे पाठ करून उभा असायचा.

"आपल्याला घरचं समजतो बिचारा," ताई म्हणायची. खेळातही त्याला मारायला तिचा हात धजत नसे.

आज तो दादाच्या रिकाम्या खुर्चीकडे बघत होता.

"तू फिरवलास?" ताईने विचारलं.

"मी कशाला फिरवू?"

मी त्याला दाराकडे वळवलं. आम्ही दोघं चहा टाकून आलो, तर तो पुन्हा खुर्चीकडे.

तेवढ्यात दादा आला. चपला नेहमीच्या कोपऱ्यात काढल्या, ताईला टपली मारली आणि खुर्चीत बसला. मग ठेंगूला उचलून त्याने कौतुकाने सगळीकडून निरखलं.

"गोड आहे रे," तो म्हणाला. "कुणी बनवला?"