गाळलेला तुकडा

घशाच्या ऑपरेशनात दिगंबररावांचा आवाज गेला. इतिहासतज्ज्ञ म्हणून ते अमेरिकेच्या यादवी युद्धावरच्या माहितीपटांत बोलले होते, तेवढ्यातच तो उरला. वत्सलाबाई ते पुन्हापुन्हा लावायच्या. पण नवऱ्याचं तिथलं सगळं बोलणं इंग्रजी, जगासाठी. आपल्यासाठी त्यात एक शब्द नाही, ही रुखरुख जाईना.

शेवटी त्यांनी दिग्दर्शकाला फोन केला. “गाळलेलं चित्रण जपून ठेवलंय का हो?”

त्याने ते पाठवलं. पडद्यावर दिगंबरराव सैनिकांच्या बायकांविषयी बोलताबोलता थांबले आणि कॅमेऱ्यामागे बघत म्हणाले, “वत्सू, कंटाळलीस का गं? झालंच आता, मग घरी जाऊ.”

“नाही हो,” वत्सलाबाई पडद्यालाच म्हणाल्या.

शेजारी बसलेल्या दिगंबररावांनी त्यांच्या हातातून रिमोट घेतला आणि तेवढंच पुन्हा लावलं.