सासूबाईंची जागा

क्षेपणास्त्र अखेर सापडलं. पण ते सापडलंच नाही, असं धरून चालायचं होतं. कारण सापडलं म्हटलं की कुठे ते सांगावं लागतं, आणि हेल्वे ते मेली तरी सांगणार नव्हती.

ते तिच्यासमोर उभं होतं. शेवाळात नाक खुपसून, शेपटीचे पंख वर करून, कुणीतरी रानात लावून विसरून गेल्यासारखं. एस्टोनियाकडे स्वतःचं लढाऊ विमान नाही. लष्करी युतीत शिरल्यापासून मित्रदेश आळीपाळीने येऊन आभाळ राखतात. त्यातल्या एका पाहुण्या वैमानिकाकडून सरावात चुकून बटण दाबलं गेलं, आणि तेव्हापासून सैन्य रान पिंजून काढत होतं. मंत्री दूरचित्रवाणीवर म्हणाले, "क्षेपणास्त्र हरवलेलं नाही. ते कुठे आहे एवढंच माहीत नाही." सैनिक दारोदार हिंडले. अळंबी काढायला रानात कुठे कुठे जाता, म्हणून विचारत सुटले. ऐन हंगामात अख्ख्या गावाने तोंड वर करून सांगितलं, "रानात? आम्ही? छे!"

इथे माणूस घराची किल्ली शेजाऱ्याकडे ठेवतो, पण अळंब्यांची जागा सख्ख्या भावाला सांगत नाही. हेल्वेची जागा तर सासूबाईंनी मरताना दिलेली. पोटच्या पोरीला डावलून सुनेच्या कानात सांगितलेली. हेल्वेने ती नवऱ्यालाही कळू दिली नव्हती. बहिणीपुढे त्याच्या पोटात काही राहत नाही.

क्षेपणास्त्र पाहून हेल्वे दचकली होती. मग तिची नजर खाली गेली आणि ती मटकन बसलीच. क्षेपणास्त्राभोवतीची पिवळी अळंबी कुणीतरी सुरीने कापून नेली होती. बुडखे अजून ओले होते.

ती तडक माइमू वन्संच्या स्वयंपाकघरात गेली. नवऱ्याची ही थोरली बहीण सत्तरीला आली होती आणि जागा सांगितली नाही म्हणून आईवर अजून रुसलेली होती. कढईत लोण्यावर कांदा आणि अळंबी परतत होती.

"ये गं. बस."

"बरीच मिळाली वाटतं, वन्सं."

"बाजारातून आणली."

आमच्याकडच्या बाईने ऑगस्टात अळंबी विकत आणावी, हे आभाळातून क्षेपणास्त्र पडण्याहून अशक्य होतं.

"बाजारात गर्दी होती का हो?"

"कसली गर्दी! एकच जण. एका जागी उभा. ना बोलतो, ना चालतो." वन्संनी कढईत साय ओतली. "परदेशातला असावा."

म्हणजे वन्संनी ते पाहिलं होतं. पाहून त्याही गप्प होत्या.

"मग तुम्ही काय केलंत?"

"काय करणार? टोपली अडकवली त्याच्या पंखाला. माझी कंबर कुठे वाकते आता! त्याला धरून बसते, त्याला धरूनच उठते. भक्कम आहे हो. म्हातारपणी कुणीतरी आधाराला आलं म्हणायचं."

"वन्सं, अहो, फुटेल ना तो!"

"फुटायचा असता तर पहिल्याच दिवशी फुटला असता. दगडाने ठोकून पाहिलाय मी."

वन्संनी कढईतली अळंबी ढवळली.

"त्याच्या बुडाशी एक झुबका अडकलाय बघ, हा एवढा," वन्संनी दोन्ही हात पसरले. "उद्या पहार नेते. तो जरा उचकटला की झुबका निघेल."

"नका जाऊ!"

"का? जागा तुझी आहे?"

वन्संचा झारा हवेतच थांबला. इतकी वर्षं त्यांना जे ऐकायचं होतं ते हेल्वेच्या जिभेच्या टोकावर आलं होतं. हो म्हटलं, तर आईने आपल्याला डावलून जागा कुणाला दिली ते वन्संना सुनेच्याच तोंडून कळणार होतं. नाही म्हटलं, तर उद्या पहार.

"छे," हेल्वे म्हणाली. "मी रानात जातच नाही."

"मी तरी कुठे जाते!" वन्संनी बशी भरून तिच्यापुढे सरकवली. "खा."

अळंबी हेल्वेचीच होती. चव नेहमीसारखीच अप्रतिम होती, आणि ती पाहुणीसारखी खावी लागत होती.

निघताना तिने पाहिलं. पायरीला पहार टेकवलेली होती. शेजारी रबरी बूट धुऊन पालथे घातले होते.

हेल्वे घरी आली आणि फोनपाशी उभी राहिली. वन्सं जगाव्यात, असं तिला फार वाटत होतं. जागा राहावी, असंही तितकंच वाटत होतं. सैन्य आलं की वर्तमानपत्रात नकाशा येणार. नकाशा आला की सारा जिल्हा बादल्या घेऊन येणार, आणि सगळ्यांच्या पुढे वन्सं.

तिने सैनिकांनी दिलेला नंबर फिरवला.

"सापडलं," ती म्हणाली.

पलीकडच्या अधिकाऱ्याची खुर्ची धाडकन मागे सरकली. "कुठे?"

"रानात."

"बाई, रानात कुठे?"

अधिकाऱ्याने, बाई, तुम्ही आहात ना, असंही विचारून पाहिलं.

"लिहून घ्या," हेल्वे म्हणाली, आणि तिने सरकारी आवाज लावला. "नम्र विनंती अशी की, पथकाने गाड्या गावाबाहेर थांबवाव्यात आणि सर्व जवानांच्या डोळ्यांवर पट्ट्या बांधाव्यात. अर्जदार स्वतः सर्वांना हाताला धरून नेईल आणि हाताला धरून परत आणील. क्षेपणास्त्र निकामी करणाऱ्या अधिकाऱ्यालाही यातून सूट देऊ नये. कुठली तार कापायची, ते अर्जदार शेजारी उभी राहून सांगेल."