खांबावरचा आरसा

दोघे साहेब एकत्र आले, तेव्हाच न्हाव्याच्या मनात पाल चुकचुकली.

एक वीज कंपनीचे, दुसरे नगरपालिकेच्या कर खात्याचे. रस्त्याकडेच्या विजेच्या खांबांवर कर लागतो की नाही, यावरून दोघांची कार्यालयं वर्षानुवर्षं कोर्टात भांडत होती. दाढीला दोघेही इथंच यायचे, पण एकाला बघून दुसरा रस्ता ओलांडायचा. आज मात्र "आधी तुम्ही", "छे छे, आधी तुम्ही" चाललं होतं.

"दादा, सांभाळून," शेजारचा किल्लीवाला पुटपुटला. "कुत्रं आणि मांजर एका ताटात जेवायला लागली, की ताट कुणाचं ते आधी बघावं."

शेवटी वीजवाले साहेब खुर्चीत बसले. समोर विजेचा लाकडी खांब, खांबाला खिळा, खिळ्याला आरसा. न्हाव्याचं दुकान म्हणजे एवढंच. त्यानं फेस लावला, उजवा गाल साफ केला. करवाले साहेब हात मागे बांधून खांबाभोवती फिरत होते, विकत घ्यायला आल्यासारखे.

"कोर्टाचं काय झालं, साहेब?"

"मिटलं. आज सकाळीच."

"जिंकलं कोण?"

"दोघंही."

वस्तरा थांबला. "मग हरलं कोण?"

दोघे साहेब आरशाकडे बघू लागले.

"तडजोड झाली हो," वीजवाले साहेब फेसातून म्हणाले. "मागचा अर्धा कर आम्ही भरायचा, अर्धा त्यांनी सोडायचा. यापुढे ज्या खांबावर नुसत्या तारा, तो करमाफ. दुसरं काही टांगलेलं सापडलं, की पूर्ण कर. तेव्हा आरसा आजच काढा."

"खिळासुद्धा," करवाले साहेब म्हणाले. "पाहणी संयुक्त आहे."

"आरशाशिवाय इथं बसेल कोण? गळ्याशी वस्तरा असतो, साहेब. माणसाला दिसावं लागतं."

"अहो, एवढ्या वर्षांचा विश्वास आहे लोकांचा तुमच्यावर!"

न्हाव्यानं मान डोलावली. आरसा उतरवून पेटीवर ठेवला. खिळा उपसून खिशात टाकला. मग वस्तरा पट्ट्यावर घासू लागला. जरा जास्तच वेळ घासला.

"मान वर करा, साहेब."

साहेबांनी मान वर केली नाही. समोर नुसता खांब होता.

"विश्वास आहे ना?" न्हाव्यानं अदबीनं विचारलं.

किल्लीवाल्याची कानस थांबली. शेवटी करवाले साहेब पुढे झाले, त्यांनी पेटीवरचा आरसा उचलला आणि खिळ्याच्या भोकावर दोन्ही हातांनी दाबून धरला.

डाव्या गालावरचा फेस सुकत चालला होता.

"जरा अलीकडे धरा," वीजवाले साहेब ओठ न हलवता म्हणाले. "खांबाला लागू देऊ नका."