खुर्चीचे डाग

त्र्याहत्तर साली सासरे गेले आणि अंगणातली त्यांची लोखंडी खुर्ची भंगारात निघाली. फरशीवर तिच्या पायांचे गंजके चार डाग उरले.

सुनेने ते लिंबू-मीठ लावून घासून काढले. सकाळी ते एक फरशी अलीकडे, दाराच्या दिशेने उमटले. तिने पुन्हा घासले, ते पुन्हा सरकले. तिच्या हातांची सालं निघाली, तोवर डाग आणि दार यांच्यात एकच फरशी उरली होती.

"अहो, राहू द्या आता," ती नवऱ्याला म्हणाली. "घासलं की जवळ येतात."

"कंटाळा आला म्हण की सरळ!" हसत त्यानेच ब्रश उचलला.

त्याने पुढचं वर्ष काढलं नाही. म्हातारपणी ती लेकीकडे राहायला गेली, आणि तिथे तिने कधी ब्रशला हात लावला नाही.

काल लेक म्हणाली, "आई, तुझ्या खोलीच्या दाराबाहेरचे ते चार डाग मीच घासून काढले हं!"