जिवाची भीक

“गुडघ्यांवर बसायचं, रडायचं आणि जिवाची भीक मागायची,” दिग्दर्शक मार्टिन म्हणाला. “जपानीतच. खरं वाटलं पाहिजे.”

वृद्ध जपानी नट आराकावांनी मुकाट मान डोलावली. त्याचाच वैभवीला राग आला.

पुण्यात जपानी शिकलेली वैभवी या मालिकेसाठी ब्रिस्टलला आली होती. नट जपानी संवाद लिहिल्याबरहुकूम बोलतात की नाही, हे पाहणं तिचं काम. ती आणि आराकावा सोडले तर सेटवर जपानी कुणालाच येत नव्हतं.

आराकावा चाळीसेक वर्षं इंग्लंडात होते. इथल्या सिनेमा-मालिकांत त्यांनी वेटर केले, पहारेकरी केले, गुंड आणि हेर केले. बहुतेकदा दुसऱ्याच प्रसंगात मरायचे. सत्तरी उलटल्यावर एकदाचा सेनापती वाट्याला आला, तोही लोळण घेणारा.

चहाच्या सुट्टीत ती त्यांच्याजवळ जाऊन बसली.

“आराकावा-सान, तुम्ही सरळ नाही म्हणा ना. मी बोलते मार्टिनशी.”

“आणि तुझा व्हिसा?”

“माझं मी बघीन.”

“मी नाही म्हटलं तर उद्या दुसरा म्हातारा आणतील.” त्यांनी कप खाली ठेवला. “संवाद केवढा आहे?”

“मिनिटभराचा.”

“सलग? मध्येच गोळी नाही घालत?”

“नाही. अगदी शेवटी.”

“मग करू या की. एवढा वेळ मला कधी कुणी दिलाच नव्हता.”

वैभवी ताडकन उठली. लाचारीलाही काही सीमा असते, असं तिच्या अगदी ओठावर आलं होतं.

कॅमेरा सुरू झाला. आराकावा चिखलात गुडघ्यांवर बसले, पण पाठ ताठ. मार्टिन हातानं ‘खाली वाका’ म्हणून खुणावत राहिला. ते वाकले नाहीत. कॅमेऱ्यात थेट पाहत त्यांनी बोलायला सुरुवात केली. दोन शब्द, मग थांबणं. पुन्हा दोन शब्द. आवाज चढत गेला, डोळे वाहू लागले. वैभवीनं हातातली संहिता हळूच मिटली.

गोळीचा आवाज झाला. ते कोसळले. मेकअपवाली पोरगी हुंदके देत होती.

“अप्रतिम!” मार्टिन म्हणाला आणि वैभवीकडे वळला. “लिहिलंय तसंच बोलले ना? नाहीतर पुन्हा घेऊ.”

खोटं पकडलं गेलं तर नोकरी जाणार, आणि नोकरीबरोबर हा देशही.

“शब्द न् शब्द,” ती मान वर करून म्हणाली. “पुन्हा घ्यायचं कारण नाही.”

दयेचा एक शब्दही आराकावांनी उच्चारला नव्हता. इंग्लंडच्या पडद्यावर जन्मभर मरत राहिलेल्या, आणि तरी कुठल्याच श्रेयनामावलीत न आलेल्या आपल्या जपानी सोबत्यांची नावं ते एकेक करून घेत होते. आणि बंदूक कपाळाला टेकल्यावर, सर्वांत मोठ्यानं, स्वतःचं.