चेष्टेचा अर्थ

"ये देखिए सर, इकतालीसवाँ," म्हणत ज्ञानदानं प्रश्नपत्रिका पुढे सरकवली, आणि नरहरी सर चष्मा पुसायला लागले. काच लख्ख झाली तरी पुसतच राहिले.

एक्केचाळिसावा प्रश्न तो काय! 'चेष्टा' का समानार्थी शब्द चुनिए. ज्ञानदानं 'प्रयास' निवडला होता. हिंदीत चेष्टा म्हणजे प्रयत्न, हे रायपुरातलं शेंबडं पोरही सांगेल. पण परीक्षा मंडळाच्या उत्तरसूचीत बरोबर उत्तर छापलं होतं 'उपहास'. तिनं आक्षेप घेतला. आमच्या तज्ज्ञानं ठरवलं ते ठरवलं, म्हणून मंडळानं तो फेटाळला. एका प्रश्नानं नोकरीची मुलाखत हुकली, आणि वयाच्या अटीत बसणारी ही तिची शेवटची परीक्षा.

सोमवारी बिलासपूरच्या हायकोर्टात तारीख होती. कोर्ट सहसा तज्ज्ञाचा शब्द मोडत नाही, असं वकिलानं आधीच बजावलं होतं. तरी हिंदीच्या एखाद्या जाणत्या प्राध्यापकाचं लेखी मत जोडून पाहू, म्हणाला. सर तीस वर्षं कॉलेजात हिंदी शिकवून निवृत्त झालेले. त्यांच्याहून जाणता माणूस शोधायचा कुठे?

गच्चीवर थंडीतलं कोवळं ऊन पसरलं होतं. लांबून पंडरीच्या कापडबाजाराचा कलकलाट पाण्याखालून आल्यासारखा येत होता. ज्ञानदा सांगत होती. पोरगी इथलीच, आई वऱ्हाडची, मराठी सगळं समजायची, पण तोंड उघडलं की हिंदी.

"सर, जिसने ये उत्तर बनाया, उसको हिंदी आती भी है क्या?"

सरांचे डोळे मिटत चालले होते, आणि मिटल्या डोळ्यांआड पद्मिनी आली, त्यांची बायको. गेल्या चैत्रात ती गेली, तेव्हापासून अशीच येते, न विचारता. चाळीस वर्षं रायपुरात काढली, पण या बाईनं हिंदीला कधी उंबरठा ओलांडू दिला नाही. भाजीवाल्याशीसुद्धा वऱ्हाडीत भांडायची, आणि तो बिचारा हो-हो करत भाव उतरवायचा. सर तिच्या पोळीला नकाशा म्हणाले की कमरेवर हात ठेवून उभी राहायची. "चेष्टा नका करू माही," म्हणायची.

ती गेली त्याच उन्हाळ्यातली एक दुपार. कूलरची घरघर, टेबलावर कागद, हातात लाल पेन. मागून अगदी स्पष्ट आवाज आला होता, "चेष्टा नका करू माही." सरांनी वळून पाहिलं. दारात कोणी नव्हतं. ते कितीतरी वेळ त्या रिकाम्या दाराकडे बघत बसले. हातातलं पेन मात्र चालतच होतं.

"सर?"

सरांनी डोळे उघडले. चहावर साय धरली होती. त्यांनी कोरा कागद ओढला आणि पहिली ओळ झरझर लिहिली: योग्य उत्तर 'प्रयास' हेच. मग हात अडला. एवढ्यावर सही केली असती तरी कोणी बोट दाखवलं नसतं. जन्मभर जपलेलं नाव होतं. आणखी एक ओळ लिहिली, तर गावभर हसं होईल. समोर ज्ञानदा त्यांच्या पेनाच्या टोकाकडे बघत बसली होती.

त्यांनी दुसरी ओळ लिहिली, खाली सही केली आणि कागद तिच्या हातात दिला.

ज्ञानदा वाचायला लागली. दुसऱ्या ओळीवर थांबली. बोट ठेवून पुन्हा वाचली: 'उपहास' हे उत्तर ठरवणारा मंडळाचा तज्ज्ञ मीच, आणि ती चूक माझी.

तिनं मान वर केली. हिंदीशिवाय न बोलणारी ती पोरगी आपल्या आईच्या बोलीत म्हणाली, "सर, चेष्टा करून राहिले का माही?"

"ते तं उन्हाळ्यातच झाली, पोरी," सर म्हणाले. "आता हिंदीतली करून राहिलो."